खळ्यातला कॅमेरा नक्की कोण कोण बघतंय?

आमच्याकडे सिंधुदुर्गात आता कुठल्याही वाडीत शिरा, दोन-तीन घरं सोडून एक पांढरा कॅमेरा दिसतोच. खळ्यात, म्हणजे घरापुढच्या अंगणात एक, पडवीत एक, आणि जरा हात सैल असेल तर मागच्या दाराला एक. कारण सगळ्यांना माहितीय. मुलं मुंबईला, घरात म्हातारे आईवडील, नाहीतर घराला कुलूप, गणपती, शिमगा आणि मे महिना सोडला तर दार उघडतच नाही. मग मुलगा म्हणतो कॅमेरा लावूया, मोबाईलवर दिसेल, आई कुठे पडली-धडपडली तर कळेल, कोण आलं गेलं तर कळेल. ह्यात चुकीचं काहीच नाही, काळजीपोटीच लावतात लोक. पण मी गेली काही वर्षं गावातूनच काम करते, कंपनी पुण्याची आणि काम नेटवर्कचं, त्यामुळे शेजारपाजारची माणसं "नेट चलना नाय, जरा बघ गो" म्हणून हक्कानं बोलावतात, आणि राऊटरच्या सेटिंगमध्ये शिरलं की जे दिसतं ते बघून पोटात गोळा येतो. म्हणून हे सगळं एकदा नीट लिहून काढतेय, लांबलं तर सांभाळून घ्या.

सरळ सांगायचं तर ह्यातले बरेच कॅमेरे उघडे आहेत. उघडे म्हणजे जगातल्या कुठल्याही कोपऱ्यात बसलेल्या माणसाला, ज्याला तुमचं नाव गाव काही माहीत नाही, त्याला तुमचं खळं, तुमची तुळस, तुमचं माजघर दिसू शकतं. त्यासाठी त्याला फार हुशार असावं लागत नाही.

एका काकूंच्या घरचं सांगते. नेट सारखं अडकत होतं म्हणून बोलावलं होतं. माजघरात टीव्हीच्या शोकेसवर राऊटर, आणि कपाटावर डीव्हीआर, म्हणजे कॅमेऱ्यांचं रेकॉर्डिंग साठवणारा डबा, त्याच्यावर काकूंनी स्वतः विणलेला क्रोशाचा रुमाल. डीव्हीआरला सेलोटेपनं एक कागद चिकटवलेला, त्यावर बॉलपेननं युजरनेम ॲडमिन, पासवर्ड ॲडमिन१२३, आणि खाली कॅमेरा बसवणाऱ्याचा मोबाईल नंबर. पोर्ट म्हणजे नेटवरून यंत्रात शिरायचं नंबर दिलेलं दार, आणि पोर्ट फॉरवर्डिंग म्हणजे बाहेरून त्या दारावर आलेल्याला घरातल्या यंत्राकडे पाठवणं. राऊटरच्या पानावर त्या यादीत ८०, ५५४ आणि ३७७७७ अशा तीन ओळी, तिन्ही डीव्हीआरकडे वळवलेल्या. नेटवाल्याकडून महिन्याला वेगळे पैसे भरून स्टॅटिक आयपी, म्हणजे नेटवरचा कधी न बदलणारा पत्ता घेतलेला, का तर "मुंबैसून बघूक मिळता". मी काकूंना विचारलं, बघू का बाहेरून दिसतंय का, त्या हो म्हणाल्या, मग माझ्या फोनचं वायफाय बंद करून मोबाईल डेटावरून तो आयपी टाकला तर डीव्हीआरचं लॉगिनचं पान समोर. कागदावरचा पासवर्ड टाकला आणि चार चौकटी उघडल्या. खळं, पडवी, माजघर, आणि चौथीत मागचं दार, तिथून न्हाणीकडे जाणारी वाट आणि दोरीवर वाळत घातलेले कपडे. काकू माझ्या शेजारी बाकावर बसून बघत होत्या. बराच वेळ काही बोलल्या नाहीत, मग म्हणाल्या, "मी थंयसून ओल्या लुगड्यान येतंय गो." मग विचारलं, "ह्या झील बघता ना फक्त?" डीव्हीआरला लॉगिनची नोंद असते, कोण कुठल्या आयपीवरून आत आलं त्याची, ती उघडली तर मुलाच्या नोंदींच्या मधेमधे असे पत्ते होते जे भारतातले नव्हतेच.

ते ऐकून त्यांचा चेहरा कसा झाला ते मला लिहिता येणार नाही. आणि राग मला कॅमेरा बसवणाऱ्याचा आला. त्या माणसानं वायर छान ओढली होती, भिंतीला पट्ट्या ठोकून, पण पासवर्ड बदलायला जी दोन मिनिटं लागतात ती दिली नव्हती.

आता सगळ्यात जास्त जे ऐकायला मिळतं ते म्हणजे, "आमच्या घरात बघण्यासारख्या काय असा? आमका कोण बघतलो?" हा प्रश्न अगदी मनापासून विचारलेला असतो आणि त्याला नीट उत्तर द्यायला हवं. उत्तर असं की तुम्हाला कुणी निवडून शोधत नाही. इंटरनेटवरचे जुन्या पद्धतीचे पत्ते, ज्याला आयपीव्ही४ म्हणतात, ते सगळे मिळून साधारण ४२९ कोटी आहेत. ऐकायला केवढा मोठा आकडा वाटतो, पण २०१३ साली अमेरिकेतल्या मिशिगन विद्यापीठातल्या संशोधकांनी झेडमॅप नावाचं साधन काढलं, आणि त्यानं चांगलं वेगवान कनेक्शन असेल तर एका कॉम्प्युटरवरून ह्या सगळ्या पत्त्यांवरचं एखादं ठरावीक पोर्ट ४५ मिनिटांच्या आत तपासून होतं. म्हणजे कुणीतरी रातोरात अख्ख्या जगातल्या प्रत्येक घराचं दार एकदा ढकलून बघावं आणि जे उघडलं ते वहीत लिहून ठेवावं, तसं. त्यात मालवण आलं, वेंगुर्ला आलं, देवगडच्या कातळावरचं एकटं घरही आलं. आणि शोडान नावाचं सर्च इंजिन २००९ पासून हेच काम करतंय, आपण गुगलवर वेबसाईट शोधतो तसं तिथे इंटरनेटला लागलेली यंत्रं शोधता येतात, कॅमेरे, राऊटर, कारखान्यातली कंट्रोलर, सगळं, आणि काही कॅमेऱ्यांच्या बाबतीत तर तिथे दिसणाऱ्या चित्राचा स्क्रीनशॉटसुद्धा. शोडान सुरक्षेवर काम करणाऱ्यांना खूप उपयोगाचं आहे, मीही वापरते. पण माझ्यासाठी जे उघडं आहे ते दुसऱ्यासाठीही आहेच ना.

२०१४ साली एका वेबसाईटची जगभर बोंब झाली होती. ज्या कॅमेऱ्यांचे कंपनीचे पासवर्ड कुणी बदललेच नव्हते असे हजारो कॅमेरे तिनं देशवार लावून सरळ लाईव्ह दाखवायला सुरुवात केली, ब्रिटनच्या माहिती आयुक्तालयाला लोकांना जाहीर इशारा द्यावा लागला. दुकानं होती, जिम होत्या, आणि पाळण्यात झोपलेली बाळंसुद्धा. त्याच्याही आधी ट्रेंडनेट कंपनीच्या कॅमेऱ्यांच्या सॉफ्टवेअरमध्येच भोक निघालं होतं, पासवर्ड लावलेला असला तरी चित्र बाहेर दिसायचं, जवळजवळ ७०० कॅमेऱ्यांच्या लिंक लोकांनी नेटवर टाकल्या आणि २०१३ मध्ये अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशननं त्या कंपनीवर कारवाई केली. म्हणजे हे काल-परवा उगवलेलं प्रकरण नाही. दहा वर्षं होऊन गेली तरी आमच्या वाडीत अजून ॲडमिन१२३ चालतंय.

आणि परदेशातलं सोडा. २०२५ च्या फेब्रुवारीत राजकोटच्या एका प्रसूतिगृहातलं फुटेज बाहेर आलं ते आठवतंय का? तपासणीच्या खोलीतले बायकांचे व्हिडिओ, यूट्यूबवर त्याची झलक टाकायची आणि टेलिग्रामवर पैसे घेऊन पूर्ण विकायचे असा धंदा चालला होता. अहमदाबादच्या सायबर क्राईमनं माणसं पकडली त्यात आपल्या महाराष्ट्रातले, लातूर आणि सांगलीकडचे तरुणही होते. पुढे बातम्यांत आलं की तिथला पासवर्डही ॲडमिन१२३ च होता. ते वाचलं तेव्हा मला काकूंच्या कपाटावरचा कागद आठवला. त्या बायका डॉक्टरकडे विश्वासानं गेल्या होत्या, त्यांच्यातल्या एकीलाही कुणी विचारलं नव्हतं की बाई इथे कॅमेरा आहे, चालेल का. "बघण्यासारखं काय आहे" म्हणणाऱ्यांनी एवढं लक्षात ठेवावं की साध्या घरातल्या साध्या बाईचं फुटेज विकत घेणारी माणसं आहेत, त्याला भाव आहे, आणि कुणी बघत असलं तरी घरात बसून ते कळायला काही मार्ग नसतो. चोराचं तर सांगायलाच नको. घर कधी रिकामं असतं, कुलूप कुठल्या दाराला आहे, म्हातारी दुपारी किती वाजता आडवी होते, आंब्याच्या पेट्या कुठे रचल्यात, हे सगळं त्याला गावात पाऊल न टाकता बघायला मिळालं तर ज्या कारणासाठी कॅमेरा लावला तेच उलटं झालं.

तिसरी गोष्ट लोकांच्या ध्यानातच येत नाही. कॅमेरा आणि डीव्हीआर हा कॉम्प्युटर असतो. २०१६ मध्ये मिराय नावाचा प्रकार आला, कॉलेजच्या वयाच्या अमेरिकन पोरांनी लिहिलेला. त्यात साठेक युजरनेम-पासवर्डच्या जोड्या भरलेल्या होत्या, सगळे कंपनीचे आयते पासवर्ड, आणि त्या जोड्या वापरून त्यानं जगभरचे लाखो कॅमेरे, डीव्हीआर आणि राऊटर ताब्यात घेतले. २१ ऑक्टोबर २०१६ ला अशाच ताब्यातल्या यंत्रांनी डाइन ह्या कंपनीवर, जी वेबसाईटच्या नावावरून तिचा आयपी पत्ता शोधून द्यायची, इतका ट्रॅफिक ओतला की अमेरिकेत ट्विटर, नेटफ्लिक्स, रेडिट काही तास धड उघडत नव्हतं. ज्यांच्या घरातले कॅमेरे ह्यात वापरले गेले त्यांना पत्ताही नव्हता, त्यांचं फक्त नेट हळू झालं होतं. आमच्याकडे नेट हळू झालं की लोक नेटवाल्याला शिव्या देतात, बहुतेक वेळा चूक त्याचीच असते, पण कधीकधी कपाटावरचा डीव्हीआर कुणाच्या तरी हुकमावर राबत असतो. मिराय यंत्राच्या तात्पुरत्या मेमरीत राहायचा, त्यामुळे लाईट जाऊन आली की तो पुसला जायचा, आणि पासवर्ड तोच असला तर थोड्याच वेळात परत शिरायचा. कोकणात लाईट किती वेळा जाते ते तुम्हाला माहितीच आहे, पण त्यानं काही संरक्षण होत नाही.

लाईटवरून आठवलं. आमच्याकडचा खरा घोळ वळवाच्या पावसात होतो. मे अखेर, जूनच्या सुरुवातीला विजा कडाडतात आणि घराघरातले राऊटर जळतात. मग नवा राऊटर येतो तो कंपनीच्या सेटिंगसकट, आधी कुणी शहाण्यानं बंद केलेलं यूपीएनपी परत चालू, राऊटरचा पासवर्ड परत ॲडमिन. यूपीएनपी म्हणजे घरातलं यंत्र राऊटरला स्वतःच सांगतं की माझ्यासाठी बाहेरचं दार उघड, आणि राऊटर उघडतो, घरच्या माणसाला न विचारता. म्हणजे बसवणाऱ्यानं काही न करताही डीव्हीआर उघड्यावर येऊ शकतो. तसंच डीव्हीआरचा पासवर्ड कुणाला आठवत नाही म्हणून कुणीतरी येऊन रिसेट मारतो, की पुन्हा मूळपदावर. त्यामुळे एकदा कधीतरी तपासलं होतं म्हणून निर्धास्त राहता येत नाही, विजांचा हंगाम सरला की परत बघायलाच लागतं.

बऱ्याच जणांना वाटतं आमच्याकडे पोर्ट बिर्ट काही नाही, आम्ही क्यूआर कोड स्कॅन केला आणि ॲपवर दिसायला लागलं. हे त्यातल्या त्यात बरं. सिमवाल्या राऊटरवर आणि बऱ्याच फायबरवर तुम्हाला स्वतःचा वेगळा आयपीव्ही४ पत्ता मिळतच नाही, एकाच पत्त्यामागे कितीतरी गिऱ्हाइकं असतात, त्यामुळे बाहेरून सरळ आत येता येत नाही आणि कॅमेराच कंपनीच्या सर्व्हरशी बोलून मार्ग काढतो. पण तिथेही आंधळा विश्वास नको. २०१९ मध्ये एका संशोधकानं दाखवलं की आयलिंक नावाच्या पीटूपी, म्हणजे फोन आणि कॅमेरा ओळख क्रमांकावरून जोडून देणाऱ्या पद्धतीत कॅमेऱ्याचा ओळख क्रमांक अंदाजानं काढता येतो, २० लाखांहून जास्त यंत्रं त्यात सापडत होती. २०२४ च्या फेब्रुवारीत वाईझ कंपनीच्या जवळपास १३,००० गिऱ्हाइकांना आपल्या ॲपमध्ये दुसऱ्यांच्या घरातली चित्रं दिसली. २०२१ मध्ये व्हर्काडा कंपनीचा मुख्य पासवर्ड बाहेरच्यांच्या हाती लागला आणि दीड लाख कॅमेरे, त्यात दवाखाने आणि तुरुंगसुद्धा, एका दमात त्यांना दिसायला लागले. त्याच वर्षी हिकव्हिजनच्या कॅमेऱ्यांत असं भोक सापडलं की पासवर्ड न विचारताच आतला पूर्ण ताबा मिळायचा. कंपनीनं दुरुस्ती दिली, पण ती दुरुस्ती त्या त्या कॅमेऱ्यात जाऊन टाकणार कोण? आमच्याकडे कॅमेरा एकदा बसला की त्याचं सॉफ्टवेअर अपडेट केलंय असं मी अजून एकाही घरात बघितलं नाही.

ॲपच्या बाबतीत अजून एक गोष्ट, आणि ही मला सगळ्यात जास्त खटकते. बसवणारा माणूस घाईत असतो, तो कॅमेरा आधी स्वतःच्या फोनवर स्वतःच्या अकाऊंटमध्ये जोडतो आणि मग घरमालकाला "शेअर" करतो. घरमालकाला दिसायला लागतं, तो खूश. पण ॲपच्या हिशोबानं कॅमेऱ्याचा मालक तो बसवणाराच राहतो. त्याला तुमचं घर कायम दिसतं, तुम्हाला कळतही नाही. माणूस चांगला असेल, आपल्याच पंचक्रोशीतला असेल, पण उद्या त्याचा फोन चोरीला गेला, पासवर्ड फुटला, तर? ॲपमध्ये डिव्हाईसच्या सेटिंगमध्ये ओनर कोण आणि शेअर कुणाकुणाला केलंय ते दिसतं. तिथे तुमचं नाव "शेअर्ड" म्हणून आलं तर त्याला बोलावून त्याच्या अकाऊंटमधून काढायला लावा आणि तुमच्या नावावर नव्यानं जोडून घ्या. लाजायचं काही कारण नाही, घर तुमचं आहे.

होमस्टेवाल्यांबद्दल थोडं. तारकर्ली, देवबाग, वेंगुर्ला, भोगवे, इकडे आता घरटी होमस्टे झालेत आणि त्याचा आनंदच आहे, आपली माणसं आपल्या गावात चार पैसे मिळवतायत. त्यातले काहीजण समुद्राकडे तोंड करून एक कॅमेरा लावतात आणि लिंक पाहुण्यांना देतात, आज समुद्र कसा आहे ते बघा म्हणून. मुद्दाम उघडा ठेवलेला कॅमेरा हा वेगळा विषय, तो चांगलाही असू शकतो, वादळाच्या दिवसात तर उपयोगीच. पण तो उंचावर लावा, लांबचं दिसेल असा, चेहरे ओळखू येणार नाहीत असा. रापण ओढायला आलेल्या माणसांना, मासे निवडत बसलेल्या बायकांना, पाण्यात खेळणाऱ्या पोरांना कुणी विचारलेलं नसतं की जगाला दाखवू का. आणि तो कॅमेरा बाकीच्या कॅमेऱ्यांच्याच एनव्हीआरवर (डीव्हीआरसारखाच रेकॉर्डिंगचा डबा) असेल तर एका लिंकच्या नादात खोल्यांच्या दारासमोरचा पॅसेजही उघडा पडतो. कोण कुणाबरोबर आलं, कुठल्या खोलीत गेलं, हे पाहुण्याचं खाजगी आहे. दुसरं म्हणजे पाहुण्यांना जो वायफाय देता त्याच वायफायवर कॅमेरे असतात. मग खोलीत बसलेला कुठलाही पाहुणा डीव्हीआरचं पान उघडू शकतो. आजकालच्या बहुतेक राऊटरवर गेस्ट नेटवर्क वेगळं करता येतं, ते करा, एवढ्यानंही खूप फरक पडतो.

बागांमध्ये काय चाललंय तेही बघायला हवं. आंब्याच्या मोसमात चोऱ्या होतात, वानरं येतात, म्हणून कलमांच्या बागेत सिमवाले, सोलरचे कॅमेरे लागायला लागलेत. ठीक आहे. पण राखणीला जी नेपाळी कुटुंबं असतात ती तिथल्याच मांगरात राहतात, तिथेच चूल, तिथेच अंथरूण, बाळंतीण बाईसुद्धा मी तिथे बघितलीय. मांगराच्या तोंडावर आत बघणारा कॅमेरा लावला तर त्या माणसांना चोवीस तासात एक क्षणसुद्धा स्वतःचा उरत नाही. ती बोलणार नाहीत, काम जाईल म्हणून. म्हणून बागवाल्यानंच विचार करायचा, कॅमेरा कलमांकडे वळवायचा, मांगराकडे पाठ करून. घरात येणाऱ्या कामवाल्या बाईचंही तेच, आणि सामायिक खळ्यातल्या भावकीचंही. भावकीत तर कॅमेऱ्यावरून आधीच भांडणं आहेत. कलकत्त्याकडे असंच एका घरातल्या दोन भावांचं प्रकरण कोर्टात गेलं होतं, एकानं दुसऱ्याला न विचारता राहत्या भागात कॅमेरे लावले होते. उच्च न्यायालयानं २०२५ मध्ये सांगितलं की घरात राहणाऱ्या दुसऱ्या माणसाच्या संमतीशिवाय राहत्या जागेत कॅमेरा चालवता येणार नाही, सर्वोच्च न्यायालयानंही तो निकाल बदलला नाही. खाजगीपणा हा मूलभूत हक्क आहे हे तर सर्वोच्च न्यायालयानं २०१७ मध्येच पुट्टस्वामी खटल्यात सांगून टाकलंय, आणि तो हक्क सासूला आहे, सुनेला आहे, राखणदाराच्या बायकोलाही आहे.

आणि आवाज! वायफायवाल्या बहुतेक कॅमेऱ्यांना माईक असतो. पडवीत बसून आपण काय काय बोलतो, कुणाच्या जमिनीचं, कुणाच्या लग्नाचं, बँकेत किती आहेत, ते सगळं जातं. स्पीकरही असतो. २०१९ च्या डिसेंबरमध्ये अमेरिकेत मिसिसिपीला एका आठ वर्षांच्या मुलीच्या खोलीतल्या रिंग कॅमेऱ्यातून अनोळखी माणूस तिच्याशी बोलायला लागला होता. आईवडिलांनी तो कॅमेरा मुलींच्या काळजीपोटीच लावला होता. माईकची गरज नसेल तर ॲपमधून बंद करता येतो, आणि मला विचाराल तर पडवीत त्याची गरज नसतेच.

कायद्याचं थोडक्यात. कुणाच्या शरीराच्या खाजगी भागाचं चित्र त्याच्या संमतीशिवाय काढणं किंवा पसरवणं हा माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६६ई खाली गुन्हा आहे, तीन वर्षांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. खाजगी क्षणी बाईला चोरून बघणं, तिचं चित्रण करणं ह्याला भारतीय न्याय संहितेचं कलम ७७ आहे. आणि ९ एप्रिल २०२५ पासून आपल्याकडे नवीन विकले जाणारे सीसीटीव्ही कॅमेरे सरकारमान्य प्रयोगशाळेत सुरक्षेच्या चाचण्या पास झालेले असावे लागतात. हे चांगलं झालं. पण आमच्या वाडीत जे लागलेत ते त्याच्या आधीचे, ते कुणी बदलणार नाही, त्यांची काळजी आपल्यालाच घ्यायची आहे.

मग करायचं काय. आधी कॅमेरा कुठे बघतोय ते ठरवा, पासवर्ड वगैरे नंतर. वाट, गेट, खळं, गाडी, एवढं पुरतं. माजघर, न्हाणीची वाट, बाव म्हणजे विहीर, कपड्यांची दोरी, झोपायची जागा, हे चौकटीत येताच कामा नये, कारण जे चित्र कॅमेऱ्यानं काढलंच नाही ते कुणी चोरू शकत नाही, सगळ्यात पक्का उपाय हाच आहे. आईवडील आजारी आहेत, घरात बघायलाच हवं अशी वेळ असते, मान्य, तेव्हा त्यांना विचारून लावा, कुठला कोपरा दिसतो ते त्यांना मोबाईलवर दाखवा, आणि बंद कसा करायचा तेही दाखवा, सरळ प्लग काढायचा, त्यात काही मोडत नाही. काकूंकडे आम्ही माजघरातला काढूनच टाकला, मुलाला फोनवर समजावलं तर तो आधी थोडा चिडला आणि मग म्हणाला आईला काय वाटतं ते मी विचारलंच नव्हतं. मागच्या दाराचा न्हाणीकडून वळवून घराकडे येणाऱ्या वाटेकडे फिरवला.

नंतर पासवर्ड. डीव्हीआरचा वेगळा, राऊटरचा वेगळा, ॲपचा वेगळा, लांबलचक, आणि दुसरीकडे कुठे वापरलेला नको. ॲपला ओटीपीवालं दुहेरी लॉगिन असेल तर चालू करा. कागदावर लिहून ठेवायला हरकत नाही, म्हाताऱ्या माणसांना ते लागतं, पण तो कागद देव्हाऱ्याच्या खणात, नाहीतर कपाटात, डीव्हीआरच्या कपाळावर नको. पोर्ट फॉरवर्डिंग असेल तर ते काढून टाका, नुसता पासवर्ड बदलून भागत नाही कारण वर सांगितलं तशी पासवर्डच न विचारणारी भोकं असतात. बाहेरून बघायला कंपनीचं ॲप वापरा, किंवा घरात कुणी जाणकार असेल तर वायरगार्डसारखं व्हीपीएन, म्हणजे बाहेरून घरच्या नेटवर्कमध्ये यायचा फक्त आपल्यापुरता बंदिस्त मार्ग, ते सगळ्यात चांगलं. सॉफ्टवेअर अपडेट डीव्हीआरच्या सिस्टीम मेनूत मिळतं, कंपनीनं अपडेट देणंच बंद केलं असेल तर त्या डीव्हीआरची नेटची वायर काढा आणि त्याला नुसतं रेकॉर्डिंग करू द्या. डीव्हीआर भंगारात देताना आतली हार्डडिस्क काढून घ्या, त्यात तुमच्या घराचे कितीतरी दिवस पडलेले असतात.

उघडा आहे की नाही हे बघायला मोठं काही लागत नाही. घरच्या वायफायवरून "माझा आयपी काय" असं गुगलला विचारा, येईल तो आकडा लिहून घ्या, मग फोनचं वायफाय बंद करून मोबाईल डेटावर ब्राऊजरमध्ये तो आकडा टाका. लॉगिनचं पान आलं, मग ते डीव्हीआरचं असो की राऊटरचं, तर बाहेरून दार आहे आणि ते बंद करायला हवं. नाही आलं तर बरं, तरी राऊटरमध्ये जाऊन पोर्ट फॉरवर्डिंगची यादी आणि यूपीएनपी बघाच, कारण दुसऱ्या पोर्टवर असेल तर ब्राऊजरला दिसणार नाही. स्वतःच्या घराचंच तपासा हं, शेजारच्याचं त्याला विचारून, उगाच दुसऱ्याचे पत्ते टाकून बघत बसणं हा गुन्हा होऊ शकतो. आणि तुमचं फुटेज कुठे फिरताना दिसलं तर गप्प बसू नका, लोक काय म्हणतील म्हणून तर मुळीच नाही. स्क्रीनशॉट आणि लिंक जपून ठेवा, डीव्हीआरमधलं काही पुसू नका, आणि राष्ट्रीय सायबर क्राईम पोर्टलवर तक्रार नोंदवा किंवा जवळच्या पोलीस ठाण्यात जा. बायका-मुलांच्या तक्रारी त्या पोर्टलवर नाव न सांगताही नोंदवता येतात. पैसे मागून धमकावत असेल कुणी आणि पैसे गेले असतील तर १९३० वर लगेच फोन करा.

गणपतीला सगळे घरी येतात तेव्हा हे काम करायला बरं, मुंबईचे मुलगे, सुना, नातवंडं सगळी एका जागी असतात आणि कुणाच्या फोनवर कुठलं ॲप चालू आहे तेही कळतं. काही अडलं तर मला विचारा, मालवण-कुडाळच्या बाजूला असाल तर येऊनही बघेन. फक्त डीव्हीआरचा किंवा कॅमेऱ्याचा फोटो पाठवताना त्याच्या बुडाला असलेला स्टिकर झाकून पाठवा, त्यावरच्या क्यूआर कोडमध्ये तुमच्या यंत्राचा ओळख क्रमांक असतो, आणि तो वाडीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर तर अजिबात टाकू नका.